पावाचं जाड टोक

नोखेम वाक्समनचा धंदाच संशय घेण्याचा होता. फ्लिंडर्स लेनमधल्या कोटांच्या कारखान्यात तो तपासनीस होता. तयार कोट हातात आला की आधी तो उलटा करायचा, अस्तर चाचपायचा, बगलेतली शिवण दोन अंगठ्यांनी ताणायचा आणि मगच कोटाचं तोंड बघायचा. तेहतीस वर्षं मेलबर्नमध्ये हेच केल्यावर माणसंही उलटी करून बघायची सवय लागली तर नवल नाही. आमच्या गावकऱ्यांच्या मंडळात म्हणायचे, नोखेमला पाऊस पडतोय असं सांगितलं तर तो खिडकीतून हात बाहेर काढून बघतो, आणि मग हाताचा वास घेतो.

अशा माणसाला आम्ही स्मृतिग्रंथाचा चिटणीस केलं आणि मग तीन वर्षं त्याच्या नावाने बोटं मोडली. आमचं ओस्त्रोलेन गाव पोलंडात अजून आहे. नदी आहे, गुरुवारी बाजार भरतो, फक्त आम्हा ज्यूंपैकी तिथे कोणी उरलं नाही. म्हणून मेलबर्नच्या कार्लटनमध्ये चपलांच्या दुकानावरच्या एका खोलीत बसून आम्ही ते गाव पुस्तकात उतरवत होतो. कोण कुठे राहायचं, कोण कसं गेलं, आणि शेवटी मेलेल्यांची नावं. त्यांना कबरी नाहीत, तेव्हा पुस्तक हीच कबर. ज्याने जे भोगलं ते त्याने लिहून आणायचं. पण नोखेमचा नियम होता की दोन साक्षीदारांच्या सह्या असल्याशिवाय एक ओळ छापायची नाही. एका साक्षीवर आपलं धर्मशास्त्र कोंबडीचासुद्धा निवाडा करत नाही, असं तो म्हणायचा. बायका रडत रडत कागद घेऊन यायच्या आणि हा पेन्सिल चाटून विचारायचा, "त्या दिवशी वार कोणता होता?"

आता त्याची बाजूही सांगितली पाहिजे. नोखेम दुसऱ्या महायुद्धाच्या खूप आधी, एकोणीस वर्षांचा असताना इथे आला. मागे राहिले ते सगळे गेले. सत्तेचाळीस साली बोटीतून उतरलेला एक माणूस त्याच्या दारात आला आणि म्हणाला, "तुमची बहीण ब्राइना जिवंत आहे. जर्मनीत निर्वासितांच्या वसाहतीत मी तिला या डोळ्यांनी पाहिलं." तो माणूस वर्षभर दर शुक्रवारी नोखेमच्या टेबलावर जेवला, नोखेमचा हिवाळी कोट घालून गेला, आणि नोखेम तीन वर्षं पत्रं लिहीत राहिला. पुढे कळलं की त्याने आणखी चार घरी चार बहिणी अशाच जिवंत केल्या होत्या. दुधाने तोंड पोळलेला माणूस ताकही फुंकून पितो. नोखेम तर त्यानंतर पाणीसुद्धा फुंकून प्यायला लागला.

एकसष्ट सालच्या ऑगस्टमध्ये, एका रविवारी सकाळी, तो खोलीत शिरला तेव्हा मंडळाचा अध्यक्ष झेलिक पोमेरांत्स शेगडीजवळ बसून रुमालात नाक शिंकरत होता. त्याच्या मांडीवर निळ्या पुठ्ठ्याच्या तीन शाळकरी वह्या होत्या.

"नोखेम, आधी बस," झेलिक म्हणाला. "हे एका बाईने लिहिलंय. टेमा फाइनकिंड म्हणून आहे, सेंट किल्डाला केकच्या दुकानात असते. आपल्या गावची नाही. पण काडतुसांच्या कारखान्याच्या छावणीत होती, आणि तिच्या बराकीत... अरे, तुझी ब्राइना आहे यात."

नोखेम बसला नाही. "साक्षी पाठवा असं आपण पेपरात आवाहन कधी दिलं?"

"मे महिन्यात. का?"

"खाली माझं नाव होतं. चिटणीस, नोखेम वाक्समन. आणि ऑगस्टमध्ये वहीतून एक वाक्समन निघते. वा!"

"अरे देवा! आधी वाच तरी!"

"वाचणारच आहे," नोखेम म्हणाला आणि वह्या काखेत मारून घरी गेला.

आठवडाभर रोज संध्याकाळी तो त्या वाचत होता. बाई लिहायची फार चांगलं. हाही त्याला संशयच वाटला, कारण खरं भोगलेल्यांची वाक्यं अडखळतात असा त्याचा अनुभव होता. तिची अडखळत नव्हती. बारा बायका एका फळीवर कशा झोपायच्या, एकीने कूस बदलली की बाराजणींना कशी बदलावी लागायची, काडतुसांत भरायच्या पिवळ्या दारूने हात कसे पिवळे व्हायचे, सगळं तिने साध्या, घरात बोलतो तशा यिडिशमध्ये, कुठेही उसासा न टाकता मांडलं होतं. आणि त्यात ब्राइना होती. ओस्त्रोलेनची, खोगीर शिवणाऱ्या वाक्समनची मुलगी, रुंद हातांची, कमी बोलणारी. टेमाला टायफस झाला तेव्हा ब्राइनाने तिला हजेरीला दोन्ही बाजूंनी धरून उभं केलं. मग ब्राइनालाच तो झाला, आणि फेब्रुवारीत ती गेली.

नोखेम लाल पेन्सिलीने समासात लिहीत गेला. रुंद हात? कोणाचेही असतात. खोगीरवाला? मी पत्त्यांच्या अड्ड्यावर शंभरदा बोललो असेन. टायफस? सगळ्यांनाच झाला होता. पण ओळ लिहिल्यावर तो ती पुन्हा वाचायचा, आणि ब्राइनाला कोणीतरी धरून ठेवलं होतं की नाही हे वहीत कुठे आहे ते शोधायचा. ते नव्हतं. त्याला त्या वहीवर विश्वास ठेवावासा वाटत होता, आणि म्हणूनच तो ठेवायची भीती वाटत होती. पुन्हा एकदा बहीण मिळून पुन्हा एकदा जायला नको होती.

दुसऱ्या वहीत पावाची वाटणी होती. बाराजणींत एक पाव. कापायचं काम ब्राइनाचं. काठी आणि दोन दोऱ्यांचा तराजू करून ती तुकडे तोलायची. मग रुझ्का नावाची मुलगी भिंतीकडे तोंड करून उभी राहायची. ब्राइना एकेका तुकड्यावर बोट ठेवून विचारायची, "हा कुणाचा?" आणि रुझ्का न बघता एकेक नाव घ्यायची, म्हणजे कुणी कुणावर आरोप करायला नको. कापणारीने शेवटी उरलेला तुकडा घ्यायचा. कितीही तोललं तरी पावाचं जाड टोक सगळ्यांना हवं असायचं, कारण मधल्या तुकड्यांत ओलं पीठ आणि भुसा, टोकात मात्र खरा पाव.

हे वाचताना नोखेमला आपलं घर आठवलं. पहिल्या महायुद्धात, सोळा सालच्या उपासमारीत, त्यांच्या घरी असंच व्हायचं. अकरा वर्षांची ब्राइना कापायची आणि आठ वर्षांचा नोखेम चुलीकडे तोंड करून भावंडांची नावं घ्यायचा. पण त्याने स्वतःला दटावलं. अशी वाटणी आधीच्या तीन साक्षींतही आली होती. भुकेल्या माणसांना ती कुठेही सुचते. याने काय सिद्ध होतं?

आणि पुढच्याच पानावर त्याला उसवलेली शिवण सापडली. टेमाने लिहिलं होतं, 'मी आजारी होते तेव्हा सलग नऊ दिवस जाड टोक माझ्या वाट्याला आलं. त्यावर मी जगले.'

नोखेमने पेन्सिल खाली ठेवली. ब्राइना सोडून अकरा नावं, नऊ दिवस. त्याने कागदावर गुणाकार केला, कागद संपला, आकडा संपला नाही. आता त्याला बरं वाटलं. खोटं सापडलं की त्याला नेहमीच बरं वाटायचं. या वेळी मात्र बरं वाटूनही झोप लागली नाही.

पुढच्या रविवारी टेमा फाइनकिंड आली. छत्तिशीची, ठेंगणी, करड्या कोटातली बाई. तिने रीतीप्रमाणे काहीतरी आणायचं म्हणून राय धान्याचा एक अख्खा पाव आणला होता. झेलिकने ग्लासांत चहा ओतला, लिंबाच्या चकत्या टाकल्या आणि खारवलेल्या हेरिंग माशांच्या बशीकडे बघत बसला.

"बाई, बाही वर करता का?" नोखेम म्हणाला.

"नोखेम!" झेलिक ओरडला.

टेमाने बाही वर केली. हात कोरा होता. "आमच्याकडे नंबर गोंदत नव्हते. बिल्ल्यावर असायचे. तुम्हाला ते ठाऊक आहे, तुम्ही या पुस्तकावर तीन वर्षं काम करताय."

"मला ठाऊक आहे. तुम्हाला ठाऊक आहे का ते बघत होतो." त्याने खिशातून एक फोटो काढून तिच्यापुढे सरकवला. सत्तावीस साली, तो बोटीवर चढायच्या आधी काढलेला. चार तरुण मुली, चौघींच्या जाड वेण्या. "यात माझी बहीण कोणती?"

टेमाने फोटो उचलला, खिडकीपाशी नेला, खूप वेळ पाहिला. ती परत आली आणि फोटो टेबलावर ठेवला.

"मला नाही सांगता येत."

"सांगता येत नाही!" नोखेम झेलिककडे वळून म्हणाला. "सात महिने एका फळीवर झोपल्या, म्हणे."

"मी केस असलेली ब्राइना कधी पाहिली नाही," टेमा म्हणाली. "अशी जाडजूड, हसणारी तर नाहीच. तुम्ही मला तिचे हात दाखवा. फोटोत चौघींनीही हात पाठीमागे घेतलेत."

झेलिकने पुन्हा रुमाल काढला. नोखेमने फोटो उचलून खिशात ठेवला. खोटं बोलणाऱ्या माणसाने बोट ठेवलं असतं. चारांतून एक, लागलं तर लागलं. पण लबाडसुद्धा हुशार असू शकतो, असं मनाशी म्हणत त्याने दुसरी वही उघडली.

"बरं, हे बघू. सलग नऊ दिवस जाड टोक तुम्हाला. चिठ्ठी टाकल्यासारखी वाटणी, भिंतीकडे तोंड, आणि नऊ दिवस एकच नाव. बाई, फ्लेमिंग्टनला एकच घोडा सलग नऊ वर्षं जिंकला तर लोक शर्यत बघायला जातील की पोलिसात?"

"पोलिसात," टेमा म्हणाली.

"म्हणजे नऊ दिवस खोटे?"

"नऊ दिवस खरे. मी मोजले होते. तापात दुसरं काही मोजायला नव्हतं."

"मग टोक तुम्ही चोरलंत."

"अरे, तुझी जीभ आहे की कात्री?" झेलिक उठून उभा राहिला. "पाया पडतो बाई तुमच्या, याच्याकडे लक्ष देऊ नका. याचं डोकं..."

"नाही, त्यांना विचारू द्या," टेमा म्हणाली. "या वह्या मी चार जणांना दाखवल्या. चौघंही रडले, चौघंही म्हणाले छापा. नऊ दिवस कसे, असं एकानेही विचारलं नाही." ती नोखेमकडे वळली. "मी उठूसुद्धा शकत नव्हते, चोरणार कशी? वाटणी कशी व्हायची ते दाखवते. मग तुम्हीच सांगा. सुरी आहे?"

झेलिकने हेरिंगची सुरी पुसून दिली. टेमाने पाव पुढ्यात ओढला आणि नोखेमला म्हणाली, "तुम्ही रुझ्का. तिकडे भिंतीकडे तोंड करा."

"मी?"

"दुसरा कोण? हे मध्येच वळून हेरिंग बघतील."

नोखेम नाइलाजाने उठला. त्रेपन्न वर्षांचा, चष्मा घातलेला माणूस भिंतीवरच्या कॅलेंडरपुढे नाक लावून उभा राहिला. त्याला स्वतःची लाज वाटत होती, आणि बाई आता काय हातचलाखी करते याकडे त्याचे कान लागले होते. मागे सुरीखाली पावाचा कडक पापुद्रा मोडल्याचा आवाज आला.

"बराकीतली नावं तुम्ही वाचलीच आहेत. जे तोंडात येईल ते घ्या," टेमा म्हणाली. "मी ब्राइनासारखंच करते, जसंच्या तसं. हा कुणाचा?"

"पोला," नोखेम म्हणाला.

"हा कुणाचा?"

"फेइगे."

"हा कुणाचा?"

"रुझ्का. म्हणजे मीच."

मग टेमा खोकली. आजाऱ्याचा नव्हे, घसा साफ करतात तसला छोटासा, कोरडा, दोनदा तुटलेला खोकला. "हा कुणाचा?"

"श्रुलिकचा!" नोखेम म्हणाला.

तोंडातून नाव गेलं आणि मग त्याला कळलं की ते गेलं. त्या बराकीत श्रुलिक कोणी नव्हता. कॅलेंडरवरचे आकडे त्याला दिसेनासे झाले. तो वळला. टेमाचं बोट पावाच्या जाड टोकावर होतं.

"श्रुलिक कोण?" तिने विचारलं.

नोखेम खुर्चीवर बसला. बराच वेळ त्याने चष्मा पुसला. "आमचा धाकटा. पाच वर्षांचा. सोळा सालच्या हिवाळ्यात त्याची छाती भरली होती." त्याने चष्मा पुन्हा डोळ्यांवर चढवला. "ब्राइना मला म्हणाली, मी खोकले की श्रुलिकचं नाव घ्यायचं. बाबांना सांगायचं नाही, देवाला तर नाहीच. महिनाभर टोक श्रुलिकला मिळालं आणि पोरगं उठून बसलं. आई म्हणायची, नशीब काढलं पोराने. हा खोकला आम्हा दोघांशिवाय कुणालाही ठाऊक नव्हता. बाई, हा खोकला तुम्ही वहीत का नाही लिहिलात?"

सगळ्या जगाच्या शिवणी ताणून बघणाऱ्या माणसाला संशय आला नव्हता तो एकाच व्यक्तीचा, स्वतःच्या बहिणीचा. काखेत कळसा म्हणतात तो असा.

टेमाने सुरी खाली ठेवली. "कारण मला वाटायचं की ती खोकते आणि टोक मला येतं. पण खात्री नव्हती. रुझ्काला विचारणार होते, ती मार्चमध्ये गेली. सतरा वर्षं मी हा संशय पोटात घेऊन फिरतेय. दुकानात कुणी खोकलं तरी माझ्या हातातला केक पडतो." तिने डोळे मिटले. "आणि खात्री झाली असती तरी लिहिणार कसं? तिने मला वाचवलं, हे लिहिता येतं. पण ते टोक कुणाच्या वाट्याचं होतं? त्या नऊ दिवसांनंतर आठवड्यात पोला गेली. मग फेइगे. ब्राइनाने त्यांना फसवलं, असं मी लिहू? जिने मला धरून उभं केलं तिच्या नावापुढे?"

"एका तुकड्याने कुणी मरत नाही हो," झेलिक हळूच म्हणाला.

"एका तुकड्याने मी जगले," टेमा म्हणाली.

खाली चपलांच्या दुकानात दुरुस्तीची हातोडी चालू झाली. झेलिकने वही उचलली आणि नोखेमपुढे धरली. "ऐक माझं. ते नऊ दिवस गाळून टाक. टोक मिळायचं, एवढंच राहू दे. खोटं काहीच नाही त्यात. कुणाला काय कळतंय? तुझी बहीण आहे ती, नोखेम. पुस्तक वाचून लोक तिला काय म्हणतील?"

नोखेमला गाळायचं होतं. खरंच सांगतो, त्याच्या हातातली पेन्सिल त्या ओळीपर्यंत गेलीसुद्धा. इतक्या वर्षांनी बहीण मिळाली होती, खरी, त्याच्या घरच्या खोकल्यासकट. तिला अख्ख्या गावासमोर लबाड म्हणून उभं करायचं? दुसऱ्या कुणाच्या साक्षीत त्याने हे खपवून घेतलं नसतं. हाच विचार मनात आला आणि पेन्सिल थांबली.

"बाई, तुम्हाला काय हवंय?" त्याने विचारलं.

"मला खरं लिहायचंय," टेमा म्हणाली. "पण तुमच्या परवानगीशिवाय नाही."

"मग लिहा. खोकला लिहा. नऊ दिवस राहू द्या. पोला आणि फेइगे कधी गेल्या तेही लिहा, तारखेसकट."

टेमाने तिथेच, पावाचे तुकडे बाजूला सारून, सात ओळी लिहिल्या. तिची वाक्यं आता अडखळत होती, दोन ठिकाणी खोडलंही. नोखेमने ती वाचली आणि काहीही विचारलं नाही. खाली तिने सही केली. मग त्याने पेन घेतलं आणि दुसऱ्या साक्षीदाराच्या जागी आपली सही केली.

"अरे, तू कुठे होतास तिथे?" झेलिक चक्रावून म्हणाला. "नियम तुझाच आहे ना?"

"खोकल्याचा साक्षीदार मीच आहे," नोखेम म्हणाला. "दुसरा कुणी उरलेला नाही."

साक्षीच्या शेवटी बाराजणींची नावं होती. टेमाने ब्राइनाचं नाव सगळ्यांत वर, जाड अक्षरांत लिहिलं होतं. नोखेमने ते एका रेघेने खोडलं. टेमा दचकली. तो यादीवरून बोट खाली नेत होता. पोला, फेइगे, रुझ्का, राडोमच्या दोघी बहिणी, सगळी नावं त्याने एकेक करून मोठ्याने वाचली, जशी तो लहानपणी चुलीकडे तोंड करून घ्यायचा. यादी संपली. तिथे, सगळ्यांच्या खाली, त्याने सावकाश लिहिलं, 'ब्राइना वाक्समन, ओस्त्रोलेन.'

"मी तिला वर ठेवलं होतं," टेमा म्हणाली.

"कापणारीचा तुकडा शेवटचा," नोखेम म्हणाला. "आमच्या घरी तसंच होतं."